उशाशी सातपुडा

भूगोल हा विषय आमच्या वाट्याला प्रथम आला तो एका तक्त्याच्या रूपाने. साठ वर्षांपूर्वी बुऱ्हाणपूरच्या मराठी शाळेत आमच्या गुरुजींनी फळ्यावर दोन रकाने आखले. डावीकडे पर्वताचे नाव आणि उजवीकडे त्याच्या भारतातल्या सर्वोच्च शिखराची उंची. हिमालयासमोर कांचनगंगा, अरवलीसमोर गुरुशिखर, सह्याद्रीसमोर कळसूबाई, दक्षिणेकडच्या डोंगरांसमोर अनाईमुडी आणि सातपुड्यासमोर धूपगड. उंचीचे आकडे पाढ्यांसारखे घोकायचे आणि परीक्षेत न चुकता उतरवायचे, एवढीच आमची या पर्वतांशी ओळख. आज मीटरांत सांगायचे तर ते आकडे ८,५८६, १,७२२, १,६४६, २,६९५ आणि १,३५० असे होतात. त्या क्रमवारीत सातपुडा अगदी शेवटी येई, आणि आम्हां मुलांना त्याची थोडी लाजही वाटे.

एके दिवशी गुरुजींनी विचारले, "सातपुडा कोठे आहे?" पहिल्या बाकावरचा हुशार मुलगा उठला, भिंतीवरच्या नकाशाकडे गेला आणि त्याने हिंदुस्थानच्या पोटावर अचूक बोट ठेवले. गुरुजींनी त्याला शाबासकी दिली नाही. त्याचा खांदा धरून त्याला खिडकीपाशी नेले आणि म्हणाले, "तो बघ." खिडकीबाहेर उत्तरेला निळसर रांग होती. ती आम्ही जन्मापासून पाहत होतो; पण तिला आमच्या घरी नुसता 'डोंगर' म्हणत. पुस्तकातला सातपुडा आणि आमचा डोंगर हे एकच आहेत, हे त्या वर्गातल्या एकालाही तोवर ठाऊक नव्हते. त्या दिवशी ते ठाऊक झाले खरे. परंतु त्या डोंगराला खऱ्या अर्थाने ओळखायला आम्हांला पुढली चाळीस वर्षे लागली. आणि ती ओळख झाली ती त्याच्या शिखराकडे पाहून नव्हे, तर आमच्या स्वतःच्या अंगणातल्या खड्ड्यात डोकावून. तीच हकिगत येथे सांगायची आहे.

लालबाग ही बुऱ्हाणपूरच्या रेल्वेस्थानकाची वस्ती. मूळ शहर तापीच्या काठी, तटाच्या आत वाढले. लालबाग त्याच्या बाहेर, डोंगराच्या अंगाला. आमचे वडील, ज्यांना आम्ही आबा म्हणत असू, रेल्वेच्या मालधक्क्यावर कारकून होते. निवृत्तीच्या आधी त्यांनी याच वस्तीत एक जुने घर घेतले. त्या घराचे मोठे वैभव म्हणजे परसातली दगडी बांधणीची विहीर. सकाळी ताप्ती मिलचा भोंगा, रात्री मुंबईकडे जाणाऱ्या गाड्यांचा खडखडाट आणि मधल्या वेळात शेजारच्या मागांची लय, हे आमच्या बालपणाचे संगीत. घरात मराठी, गल्लीत हिंदी, शेजारी उर्दू; आणि तिन्ही भाषांतून सर्वांचे भांडण व सर्वांचा समेट. उत्तरेच्या क्षितिजावर, सुमारे वीस किलोमीटरांवर, असीरगड. दक्षिणेला तापीपलीकडे गाविलगडाच्या रांगेचे पश्चिमेकडचे टोक. म्हणजे आमचे गाव सातपुड्याच्या पायथ्याशी आहे असे म्हणण्यापेक्षा त्याच्या ओंजळीत आहे असे म्हणणे अधिक बरोबर.

'दुरून डोंगर साजरे' अशी म्हण आपल्याकडे आहे. तिचा रोख जवळ गेल्यावर दिसणाऱ्या काट्याकुट्यांवर आहे. परंतु जवळ गेल्यावर आणखी एक गोष्ट कळते, ती ही की सगळे डोंगर एका जातीचे नसतात. फळ्यावरच्या तक्त्यात ते सारे एकाखाली एक शिस्तीत उभे होते; प्रत्यक्षात त्यांचे जन्म आणि स्वभाव किती निराळे! हिमालय हा भूखंडांच्या टकरीतून वळ्या पडून उठलेला, वयाने तरुण आणि अजूनही वर चढणारा पर्वत. अरवली जगातल्या अतिप्राचीन पर्वतांपैकी, झिजून झिजून हाडे उरलेला. विंध्य बहुतांशी वाळूच्या दगडाचा. सह्याद्री हा तर काटेकोर अर्थाने पर्वतच नव्हे. दख्खनच्या पठाराची पश्चिमेकडची कड तुटून जो कडा उभा राहिला, त्याला आपण कोकणातून मान वर करून पर्वत म्हणतो. आणि सातपुडा? तो पश्चिमेस राजपीपळ्याच्या टेकड्यांपासून पूर्वेस अमरकंटकाच्या मैकल रांगेपर्यंत सुमारे ९०० किलोमीटर पसरलेला आहे, आणि त्याच्या दोन्ही बाजूंना एकेक नदी पश्चिमेकडे वाहते. उत्तरेला नर्मदा, दक्षिणेला तापी.

या दोन नद्या पश्चिमेकडे का वाहतात, हा प्रश्न शाळेत आम्हांला कोणी विचारला नाही आणि आम्हीही विचारला नाही. भूशास्त्र त्याचे उत्तर असे देते की भूकवचाला येथे लांबच लांब भेगा पडल्या. भेगांमधल्या पट्ट्या खचल्या, त्यांतून नर्मदा आणि तापी वाहू लागल्या, आणि मधला भाग उंच राहिला तो सातपुडा. म्हणजे आजूबाजूची जमीन खाली गेली म्हणून जो मोठा दिसतो, असा हा पर्वत. या भेगा पुरत्या निजलेल्या नाहीत. १९३८ साली सातपुड्यात आणि १९९७ साली जबलपुरात जे मोठे भूकंप झाले, ते याच पट्ट्यातले. चोपडा तालुक्यात उनपदेवाला जे ऊन पाण्याचे झरे आहेत, तेही भेगांतून खोल जाऊन तापून परत आलेले पाणी. आमची आई लहानपणी आम्हांला तेथे घेऊन गेली होती, तेव्हा 'देवाने चूल पेटवली आहे' असे तिने सांगितले होते. शास्त्राने पुढे जे सांगितले त्याचा आशय याहून फार वेगळा नव्हता. मात्र चूल कोणा ज्वालामुखीची नसून पृथ्वीच्या पोटातल्या स्वाभाविक उष्णतेची होती.

ज्वालामुखी हा शब्द आला आहे तर त्याचेही सांगून टाकू. आपल्या देशात आज जागा असलेला ज्वालामुखी एकच, तोही अंदमानच्या समुद्रातल्या बॅरन बेटावर. १७८७ साली तो धुमसताना पाहिल्याची नोंद आहे. पुढे दीर्घ काळ शांत राहून १९९१ साली तो पुन्हा जागा झाला. लोणारच्या सरोवराला पूर्वी पुष्कळ विद्वान ज्वालामुखीचे मुख समजत. ते उल्केच्या आघाताने पडलेले विवर आहे असे नंतर सिद्ध झाले. तेव्हा ज्वालामुखी पाहायचा तर समुद्र ओलांडावा लागेल, असे आम्ही समजत होतो. परंतु ज्या पाट्यावर आमची आई चटणी वाटत असे तो काळा पाटा, आमच्या विहिरीचे चिरे, स्थानकाच्या फलाटाची खडी, हे सगळे थिजलेला लाव्हारसच आहे हे कळले तेव्हा आम्ही खरोखर थक्क झालो. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी जमिनीच्या लांब भेगांतून लाव्हारस वर आला आणि पाण्यासारखा पसरला. थिजला, पुन्हा आला, पुन्हा पसरला. आज उरलेले त्याचे क्षेत्रच सुमारे पाच लाख चौरस किलोमीटर आहे, आणि सह्याद्रीत त्याच्या थरांची एकूण जाडी काही ठिकाणी दोन हजार मीटरांच्या घरात जाते. या थरांमुळे डोंगर पायऱ्यापायऱ्यांचे दिसतात, म्हणून त्यांना 'ट्रॅप' म्हणतात. स्वीडिश भाषेत त्या मूळ शब्दाचा अर्थ जिना असा आहे. दोन थरांमध्ये कोठे कोठे तांबड्या मातीचा पातळ पदर असतो. एक लोट थिजल्यावर दुसरा येईपर्यंत जो काळ गेला, त्या काळात हवापाण्याने कुजलेला तो कातळ. म्हणजे डोंगराने मधल्या विसाव्याचीही नोंद ठेवली आहे.

सातपुड्याचा आमच्याकडचा, पश्चिमेचा भाग असा काळ्या कातळाचा आहे. (पचमढीचा धूपगड मात्र वाळूच्या दगडाचा, तक्त्यात ज्याचे नाव आम्ही घोकत होतो ते शिखर आमच्या डोंगराच्या जातीचेच नव्हते!) याच कातळाच्या एका सुट्या टेकाडावर असीरगड उभा आहे. समुद्रसपाटीपासून त्याची उंची सातशे मीटरांच्या आसपास, म्हणजे तक्त्यात त्याला जागा मिळण्याची आशाच नाही. पण इतिहासाने उंचीपेक्षा जागा पाहिली. सातपुड्याची भिंत ज्या एका ठिकाणी खाली झुकते आणि उत्तरेकडून दक्षिणेत येण्यास वाट देते, ते खिंडार येथे आहे. म्हणून असीरगडाला 'दख्खनचा दरवाजा' म्हणत. फारुकी सुलतानांनी हा दरवाजा दोनशे वर्षे राखला. १६०१ च्या जानेवारीत तो अकबराच्या हाती पडला, आणि ती त्याची अखेरची मोठी मोहीम ठरली. १८१९ साली तो इंग्रजांनी कायमचा घेतला. पुढे १८७० साली मुंबई आणि कलकत्ता लोहमार्गाने जोडली गेली, तेव्हा आगगाडीही याच खिंडारातून गेली. आबा म्हणत, "बादशहाला जी वाट सापडली, तीच आपल्या मालगाडीला सापडली. डोंगर कोणासाठी दुसरी वाट काढत नाही."

आमच्या आजीचा असीरगड निराळा होता. तिच्या मते तेथे अश्वत्थामा राहतो. कपाळावरची जखम वाहत असते, तिला लावायला तो वाटसरूंकडे तेल मागतो, आणि गडावरच्या महादेवाला पहाटे कोणी पाहण्याआधी फूल वाहून जातो. पुढे आम्ही नोकरीनिमित्त काही वर्षे नंदुरबारकडे होतो, तेव्हा कळले की तेथेही सातपुड्यात अस्तंभ्याच्या शिखरावर अश्वत्थामाच आहे, आणि धनत्रयोदशीच्या सुमारास हजारो आदिवासी भाविक रात्रभर चालून त्याच्या दर्शनाला जातात. दोन गावांत एकच चिरंजीव! तेव्हा आम्हांला गंमत वाटली होती. आता वाटते, की दोन टोकांच्या माणसांनी एकाच डोंगराविषयी एकच गोष्ट ओळखली होती: या डोंगराच्या अंगावर एक न भरणारी जखम आहे, आणि तो खाली येऊन माणसांकडे काही मागतो आहे.

आता लालबागेकडे वळू. कारण या वस्तीची जी गोष्ट जगाने वाखाणली, ती येथे जमिनीच्या वर नाहीच. आमच्या लहानपणी शेतांतून एका ओळीत गोल दगडी तोंडे दिसत. विहिरीसारखी, पण रहाट नसलेली. त्यांना 'कुंड्या' म्हणत. आम्ही त्यांत खडा टाकून तो पाण्यावर वाजेपर्यंत आकडे मोजत असू. हाच तो कुंडी भंडारा. लोकांच्या तोंडी त्याचा 'खुनी भंडारा' झाला. १६१५ साली, जहांगिराच्या काळात, अब्दुर्रहीम खानखानान येथे सुभेदार असताना तो बांधला गेला. पाण्याची थोरवी सांगणारा ज्यांचा दोहा उत्तर हिंदुस्थानात मुलांनाही पाठ असतो, तेच हे रहीम. शहराला छावणीची गर्दी झाली होती, आणि तापीच्या उघड्या पाण्यावर विसंबणे धोक्याचे वाटत होते. तेव्हा तबकुतुल अर्ज नावाच्या इराणी जाणकाराने हे काम केले असे सांगतात. या शब्दांचा अर्थच 'पृथ्वीचे थर' असा होतो. तेव्हा हे नाव नसून पदवी असावी, असे आम्हांला वाटते.

त्या जाणकाराने पाहिले ते असे, की सातपुड्यावर पडलेला पाऊस सगळाच ओढ्यांनी वाहून जात नाही. कातळाच्या फटींतून, पायथ्याच्या दगडगोट्यांतून पुष्कळ पाणी जमिनीखाली झिरपते आणि अदृश्यपणे तापीकडे निघते. हे वाटेवरचे पाणी अडवायचे. त्यासाठी जमिनीच्या पोटातून बोगदा खणायचा, त्याला अगदी मंद उतार द्यायचा, आणि ठरावीक अंतरावर हवा-उजेडासाठी व दुरुस्तीसाठी उभी कुंडी काढायची. अशा शंभराच्या आसपास कुंड्या एकाच भंडाऱ्याला आहेत. इराणात अशा रचनेला कनात म्हणतात. येथे मोट नाही, रहाट नाही, पंप नाही. पाणी आपल्याच वजनाने शहरापर्यंत चालत जाते. चारशे वर्षांपूर्वी अशा आठ पाणीयोजना या शहरात झाल्या, त्यांपैकी काही आज नष्ट झाल्या आहेत. २०२४ च्या मार्चमध्ये युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या संभाव्य यादीत कुंडी भंडाऱ्याचे नाव आले, तेव्हा लालबागेत पेढे वाटले गेले. आम्हीही ते खाल्ले. परंतु खाताना आमच्या मनात जे सलत होते, ते आता सांगितलेच पाहिजे.

१९९२ चा उन्हाळा कडक होता. आमच्या परसातल्या विहिरीचा तळ दिसू लागला. आबा तोवर गेले होते. घरात आई, थोरले दादा, वहिनी आणि आम्ही. दादांनी बोअर घेण्याचा विचार मांडला. आई म्हणाली, "विहिरीचा गाळ काढा, पाऊस येईल तेव्हा येईल." पण तेव्हा बोअर घेणे हे सुधारणेचे लक्षण होते, आणि दादांच्या बाजूने बोलणारे, खरे सांगायचे तर, आम्हीच होतो. बोअरची गाडी आली. दिवसभर तिच्या गर्जनेत गल्ली हादरत राहिली. नळीतून आधी पिवळी माती आली, मग गोट्यांचा चुरा, मग काळी भुकटी, मग एकाएकी तांबडी, आणि पुन्हा काळी. वहिनी दाराआडून म्हणाल्या, "भावोजी, हे लाल काय?" आम्हांला सांगता आले नाही. दोन लाव्हालोटांमधल्या विसाव्याचा तो तांबडा पदर होता. कोट्यवधी वर्षांची नोंद एका पाटीत भरून आम्ही उकिरड्यावर टाकली. एकशे साठ फुटांवर पाणी लागले आणि उसळून वर आले. आम्ही नारळ फोडला.

आमच्या शेजारी विणकरांचे घर होते. घरातल्या वडीलधाऱ्यांना आम्ही चाचा म्हणत असू. त्यांच्या अंगणात पंचेचाळीस फुटांची जुनी विहीर होती. तिच्या पाण्यावर त्यांचे घर चाले आणि सुताला कांजी देण्याचे कामही चाले. पुढच्या दोन उन्हाळ्यांत ती विहीर कोरडी पडली. एका बोअरने विहीर आटते असे आम्ही म्हणणार नाही. त्या दोन वर्षांत एकट्या आमच्या गल्लीत अनेक बोअर झाले होते. पण पहिला आमचा होता. चाचांनी एका शब्दाने तक्रार केली नाही. ते सकाळी दोन बादल्या घेऊन आमच्या नळाशी येत, आईची चौकशी करीत आणि पाणी घेऊन जात. एकदा आम्हांला राहवले नाही. आम्ही म्हणालो, "चाचा, आपकी बावडी का बहुत बुरा हुआ." त्यांनी बादली खाली ठेवली आणि म्हणाले, "पहाड का पानी है बेटा, सबका है. जिसकी रस्सी लंबी, उसने पहले खींच लिया." त्यात राग नव्हता, म्हणूनच ते वाक्य आम्हांला अजून टोचते.

लांब दोरीचा खेळ फार दिवस चालला नाही. २००१ साली आमचाही बोअर आटला. दादांनी दुसरा घेतला, साडेतीनशे फूट. नळीतून दिवसभर कोरडी काळी भुकटी उडत राहिली. अंगणातली तुळस तिने काळवंडून गेली. पाणी लागले नाही. वहिनींच्या दोन बांगड्या त्या भोकात गेल्या, असे त्या पुढे हसत सांगत. पण त्या दिवशी त्या हसल्या नव्हत्या.

त्याच वर्षी पुण्याहून आमचा भाचा आला, आणि त्याच्या निमित्ताने आम्ही जन्मात पहिल्यांदा कुंडी भंडाऱ्यात उतरलो. ज्या तोंडांत आम्ही खडे टाकले होते, त्यांच्या आत. लोखंडी पाळण्यातून सुमारे ऐंशी फूट खाली गेल्यावर गार अंधार आणि घोट्याला लागणारे वाहते पाणी. दोन्ही भिंतींतून थेंब थेंब झिरपत होते. पाण्यातल्या चुन्याने भिंतींवर पांढरा खडबडीत थर चढला होता, आणि जेथे तो दाट होता तेथे झिरपणे मंद झाले होते. वर पाहिले तर कुंडीच्या तोंडाएवढा उजेडाचा रुपया. भाचा म्हणाला, "मामा, इथे पंप कुठे आहे?" पंप नव्हता. त्याच्या त्या साध्या प्रश्नाने आमच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. ज्या माणसाने हा बोगदा आखला, त्याने डोंगराकडून तेवढेच घेतले जेवढे डोंगर आपण होऊन देत होता. पाऊस कमी झाला तर बोगद्यातली धार बारीक होई, आणि शहराला ते लगेच कळे. आम्ही मात्र यंत्र लावून खालचे, पिढ्यान्‌पिढ्या साठलेले ओढले. आणि तळ लागेपर्यंत आम्हांला काहीच कळले नाही. कनातीला संयम शिकवावा लागत नाही. तो तिच्या उतारातच असतो. बोअरला तो माणसाने आणावा लागतो, आणि आम्ही आणला नव्हता.

आमच्या अंगणात जे घडले तेच सातपुड्याच्या सबंध पायथ्याला घडले आहे. डोंगर जेथे संपतो आणि तापीचा गाळाचा सपाट प्रदेश सुरू होतो, त्या सांध्यावर दगडगोट्यांचा आणि जाड वाळूचा एक पट्टा आहे. बुऱ्हाणपूरपासून रावेर, यावल, चोपड्यापर्यंत तो जातो. डोंगराचे पाणी जमिनीत शिरण्याचे दार हेच. या दाराशी आपण केळी लावल्या. केळीने या मुलखाला पैसा दिला, पक्की घरे दिली, मुलांची शिक्षणे दिली. तिला नावे ठेवण्याचा आम्हांला अधिकार नाही. पण केळ बारमाही तहानलेली, आणि तिच्यासाठी विहिरींचे बोअर झाले, बोअर खोल खोल गेले. दुसरीकडे वरचे रान विरळ झाले. नेपानगरचा कागद कारखाना १९५० च्या दशकात सुरू झाला, तेव्हा देशातली वर्तमानपत्रे सातपुड्यातल्या सालईवर आणि बांबूवर छापली जात. त्याचा आम्हांला कोण अभिमान! पुढे शेतजमिनीसाठी रान तुटू लागले. नेपानगरच्या जंगलातली अतिक्रमणे आणि वृक्षतोड २०२२-२३ मध्ये राज्यभर गाजली. उघड्या कातळावर पडलेला पाऊस थांबत नाही. तो दाराशी न रेंगाळता तापीला जातो आणि तापी त्याला समुद्राला देते. आजीच्या गोष्टीतला अश्वत्थामा तेल मागत असे. आज तो कदाचित सावली मागेल.

या पाण्याला राज्याची सीमा ठाऊक नाही, हेही आम्हां सीमेवरच्या मराठी माणसांना चटकन कळते. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेत विदर्भ तिकडे गेला, निमाड इकडे राहिला; २००३ साली बुऱ्हाणपूर स्वतंत्र जिल्हा झाला. आमची मुले हिंदीत शिकली, आमच्या लेकी रावेर-भुसावळला दिल्या. नकाशावर रेघ आली, पण रेघेखालून झिरप चालूच राहिली. म्हणून २०२५ च्या मे महिन्यात जेव्हा मध्य प्रदेश आणि महाराष्ट्र या दोन्ही सरकारांनी तापीच्या पुराचे पाणी सातपुड्याच्या पायथ्याला फिरवून जमिनीत मुरवण्याच्या योजनेचा करार केला, तेव्हा ती बातमी आम्ही दोनदा वाचली. योजना मोठी आहे, तिला वेळ लागेल, आणि आमच्या वयाला तितका वेळ नाही. पण चारशे वर्षांपूर्वीच्या जाणकाराने जे पाहिले होते ते दोन राज्यांनी पुन्हा पाहिले, हे काही थोडे नव्हे.

आम्ही आमच्यापुरते जे केले ते फार लहान आहे. २००४ साली दादांनी आणि आम्ही मिळून गच्चीचे पाणी पन्हळीने खाली आणले, वाळू-कोळशाच्या खड्ड्यातून गाळले आणि परसातल्या जुन्या विहिरीत सोडले. तिचा गाळ बारा वर्षांनी निघाला. आईने सांगितले होते तेच काम. ते पाहायला आई नव्हती. चाचांच्या मुलाने दुसऱ्या वर्षी त्यांच्या विहिरीला तसेच केले. चाचा तेव्हा अंथरुणावर होते. पहिल्या पावसात पाणी पडल्याचा आवाज त्यांना खाटेवरून ऐकू आला, असे त्यांचा मुलगा सांगतो. आम्ही त्यांची क्षमा मागितली नव्हती. मागायला गेलो असतो तर त्यांनी चहा मागवला असता आणि विषय बदलला असता.

दादा गेले. आता वहिनी आणि आम्ही उरलो आहोत. दर अक्षय्य तृतीयेला वहिनी एक दोर विहिरीत सोडतात, तो पाण्याला टेकला की काठाशी गाठ मारतात, आणि दोर वळून कोनाड्यात ठेवतात. दोरावर आता वीसांवर गाठी आहेत. काही वर्षे गाठ लांब गेली, काही वर्षे अलीकडे आली. यंदाची गाठ मागच्या वर्षीच्या गाठीपेक्षा हातभर अलीकडे आहे. त्यावरून काही सिद्ध होत नाही. पाऊसच बरा झाला होता. तरी वहिनींनी दोनदा मोजले.

गुरुजींच्या तक्त्यात दोन रकाने होते. पर्वताचे नाव आणि उंची. आज ते असते तर आम्ही त्यांना विनंती केली असती, की आणखी एक रकाना आखा. पर्वत पायथ्याच्या माणसांना काय देतो आणि अजून किती देऊ शकतो, याचा. देशातल्या सगळ्या पर्वतांपुढे तो कोण भरणार, हे आम्ही कसे सांगावे? आमच्या सातपुड्यापुरता, आणि तोही आमच्या परसापुरता, तो त्या कोनाड्यातल्या दोरावर भरला जातो आहे.